पेन्शनला उशीर : व्याज तिजोरीतून, चूक कोणाच्या टेबलावर?

नवीन जालन्यात कचेरीबाहेरच्या चहाच्या टपरीवर एखादा निवृत्त ग्रामसेवक नाहीतर तलाठी हमखास भेटतो. हातात कापडी पिशवी, पिशवीत सेवापुस्तकाच्या झेरॉक्स. तीस-पस्तीस वर्षे दुसऱ्यांचे दाखले लिहिलेला माणूस आता स्वतःच्या कागदासाठी खेटे घालतो. उपदानाच्या म्हणजे ग्रॅच्युइटीच्या पैशावर कुणी विहीर धरलेली असते, कुणी मुलीचे लग्न. पैसा येत नाही आणि सावकाराचे व्याज मात्र थांबत नाही.

शेतकरी बंधूंना उशिराच्या पैशाचा अनुभव आहेच. उसाचे बिल 14 दिवसांत द्यायचे, नाही दिले तर 15 टक्के व्याज, असा कायदा आहे. तसाच नियम निवृत्तांसाठीही आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 प्रमाणे उपदान निवृत्तीनंतर तीन महिन्यांच्या पुढे रखडले किंवा पेन्शन सहा महिन्यांच्या पुढे रखडली आणि चूक कार्यालयाची असली, तर व्याज द्यावे लागते. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांनाही हेच नियम लागू आहेत.

आता मुद्दा असा, की हे व्याज येते कुठून? तुमच्या-आमच्या करातून. फाईल ज्याच्या टेबलावर पडून होती, त्याच्या खिशाला सहसा झळ लागत नाही. म्हणून उशीर थांबत नाही.

1984 साली सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या पद्मनाभन नायर प्रकरणात नेमके यावरच बोट ठेवले. 1973 साली निवृत्त झालेल्या या कर्मचाऱ्याला पैसे मिळाले सव्वादोन वर्षांनी. कारण काय, तर कोषागार अधिकाऱ्याने अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर दिले नाही. पेन्शन आणि उपदान ही सरकारची मेहेरबानी नाही, तो हक्क आहे, असे सांगून न्यायालयाने राज्य सरकारवर व्याजाचा बोजा कायम ठेवला. त्या अधिकाऱ्याला दाव्यात प्रतिवादी केलेले नव्हते, म्हणून त्याच्याकडून थेट वसुली करता आली नाही. मात्र त्याच्याकडून नुकसान भरून घ्यायचे का, याचा विचार सरकारने करावा, असे न्यायालयाने म्हटले. तो विचार कचेऱ्यांमधून आजही क्वचितच होतो.

वास्तविक वेळ भरपूर असते. कोण कधी निवृत्त होणार हे नोकरीला लागल्या दिवशीच ठरलेले असते. पेन्शनची कागदपत्रे दोन वर्षे आधी तयार करायला घ्यायची असतात. राज्य कर्मचाऱ्याचे प्रकरण मग नागपूरला महालेखापालांकडे जाते. जिल्हा परिषदेचे जिल्हा परिषदेतच मंजूर होते. घोडे अडते ते सेवापुस्तकातल्या राहून गेलेल्या नोंदींपाशी आणि पगारनिश्चितीच्या जुन्या चुकांपाशी. अशा चुकीमुळे जादा गेलेली रक्कम गट क आणि गट ड च्या कर्मचाऱ्याकडून, त्याने लबाडी केली नसेल तर, वसूल करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2014 साली रफिक मसीह प्रकरणात सांगितले आहे. तरीही ऐन निवृत्तीच्या तोंडावर वसुली निघते.

एक गोष्ट आपल्या बाजूचीही आहे. उशीर कर्मचाऱ्याच्या चुकीने झाला तर व्याज मिळत नाही. दप्तराचा चार्ज दिला नाही, अर्जावर सही राहिली, वारसाचे नाव नोंदवले नाही, तर दोष कोणाला देणार? ग्रामसेवक आणि तलाठी बंधूंनी गावाचे दप्तर यादी करून, सही-शिक्क्यानिशी हवाली करावे आणि यादीची प्रत जवळ ठेवावी. सेवापुस्तक दरवर्षी डोळ्याखालून घालावे. प्रकरण लांबणार असे दिसले तर तात्पुरते निवृत्तिवेतन लेखी मागावे. नियमात त्याची सोय आहे.

आणि एवढे करूनही फाईल हलली नाही तर? 2005 चा दप्तर दिरंगाई कायदा सांगतो, की कोणतीही फाईल एका टेबलावर साधारणपणे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये. मुद्दाम उशीर केल्यास शिस्तभंगाची कारवाई. त्याच वर्षीचा माहितीचा अधिकार वापरून आपली फाईल कोणत्या टेबलावर किती तारखेला आली आणि कधी गेली, हे काढून घ्यावे. तो कागद हाती आला की जबाबदारी कोणाची ते आपोआप दिसते. मग अर्जात नुसते व्याज मागू नये. जबाबदारी निश्चित करून ते व्याज संबंधितांकडून वसूल करावे, हेही लिहावे. तरी दाद मिळाली नाही तर राज्य कर्मचाऱ्याला प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या आणि जिल्हा परिषद कर्मचाऱ्याला उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचे दार आहे. मात्र वर्षानुवर्षे वाट पाहत बसू नये, मुदत निघून जाते.

खुर्चीवर बसलेल्या आम्हा मंडळींनीही एक ध्यानात ठेवावे. आज ज्याची फाईल आपण खाली सारतो, त्याच बाकावर उद्या आपल्याला बसायचे आहे. वाटोळे व्याज तिजोरीतून गेले तरी ते गावच्या रस्त्याचे नि बंधाऱ्याचेच पैसे आहेत. चूक ज्याची, भरपाई त्याची, हे एकदोन ठिकाणी जरी झाले तरी बाकीच्या टेबलांवरच्या फाईली आपसूक हलू लागतील.