धुरा तरी सोडा

पावशाला शेतकऱ्यांनी डोक्यावर घेतलं, कारण तो ‘पेरते व्हा’ म्हणतो. चातकाला कवींनी घेतलं. पेरणी उरकून कपाशी वीतभर झाली की आमच्या जिवतीच्या पहाडावर तिसरी एक कोकिळा ओरडायला लागते, तिला मात्र कुणीच वाली नाही. रंगाने करडी, शेपटीखाली पांढरी, लांबी 23 सेंटिमीटर, म्हणजे साळुंकीएवढीच, पण अंगाने बारीक. काही माद्या तांबड्या, अंगभर काळे पट्टे असलेल्या. नवख्याला तो दुसराच पक्षी वाटतो. शास्त्रीय नाव कॅकोमँटिस पॅसेरिनस. ओरडतो तो नर. धुऱ्यावरच्या, म्हणजे शेताच्या बांधावरच्या, पळसाच्या शेंड्यावर बसून आभाळ भरलेल्या दिवशी तो एकच शीळ इतकी घोळवतो की डोकं उठतं.

मी राजुऱ्याच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकले आणि लग्न होऊन पहाडावर शेतीत पडले. सासरे बहात्तरच्या दुष्काळानंतर नांदेडकडून इथे आले. अशी मराठवाड्यातून आलेली घरं इथे पुष्कळ. या कोकिळेची खरी ओळख मला कॉलेजात नाही, निंदणात झाली. वाकून निंदताना कपाशीची पानं कोळ्याच्या जाळ्याने शिवलेली दिसतात. आत राखी वटवट्याची चकचकीत विटकरी अंडी. कोकिळा स्वतः घरटं बांधत नाही, वटवट्या नाहीतर शिंप्याच्या घरट्यात एखादं अंडं टाकून निघून जाते. या जातीकुळीतलं पिल्लू अंड्यातून बाहेर आलं की घरधन्याची अंडी पाठीने रेटून बाहेर टाकतं. देवीची लस शोधणाऱ्या एडवर्ड जेन्नरने युरोपातल्या कोकिळेबद्दल 1788 मध्ये हेच लिहिलं, तेव्हा लोकांना पटेना. पुढे 13 सेंटिमीटरचे आईबाप आपल्याहून दांडग्या पोराच्या चोचीत अळ्या कोंबत बसतात. निंदणाऱ्या बायका ते बघून म्हणतात, पोर दुसऱ्याचं अन् मजुरी आपली.

लबाड म्हणा हवं तर. पण कुळं बुडाली की सावकारही बुडतो, तशी हिची गत आहे. वटवट्यांची घरटी भरपूर असतील तरच तिचं एखादं अंडं तगणार. वटवट्याला धुऱ्यावरचा तरोटा, गवत, बोरीची झुडपं लागतात. कोकिळेला स्वतःच्या पोटासाठी केसाळ अळ्या लागतात, आणि त्याही त्याच पाल्यावर. वाघासाठी जंगल राखलं, चांगलं केलं; हा पक्षी मात्र शेताच्या कडेवर जगतो, आणि ती कड आम्ही जाळत चाललो आहोत.

कारण उघड आहे. तणनाशक सोसणाऱ्या ‘चोरबीटी’ कपाशीला देशात मंजुरी नाही, तरी बियाणं राज्याच्या सीमेपलीकडून येतं आणि हातोहात खपतं. ते पेरलं की तणनाशक शेतभर मारता येतं. पंप पाठीवर असतोच, मग उरलेलं धुऱ्यावर. ग्लायफोसेट हे तणनाशक परवानाधारक कीडनियंत्रकांनीच वापरायचं, असं केंद्राने ऑक्टोबर 2022 मध्ये ठरवलं. असा परवानाधारक आमच्या पहाडावर कुणी पाहिला असेल तर मला दाखवा. शेजारच्या यवतमाळ जिल्ह्यात 2017 मध्ये कीटकनाशक फवारताना माणसं मेली, त्यानंतरही पंप आणि उघडे हात तसेच आहेत.

निंदणाला बाई मिळत नाही, मिळाली तर परवडत नाही, हे खोटं नाही. मी स्वतः मजुरी देते, मला भाव ठाऊक आहेत. म्हणून पिकातल्या तणाबद्दल मी इथे भांडत नाही. धुऱ्यावर तर पीक नसतं, तिथे औषध मारून कोणतं उत्पन्न वाढतं? कोकिळा कपाशी वाचवते, असाही दावा मी करणार नाही. गुलाबी बोंडअळी बोंडाच्या आत बसते, तिथे तिची चोच पोचत नाही.

हा पक्षी आज संकटग्रस्तांच्या यादीत नाही, म्हणून घाई कशाला, असं कुणी म्हणेल. ब्रिटनमध्येही कोकिळा गावोगाव होती. 2009 मध्ये ती तिथल्या लाल यादीत गेली, आणि कारणांमध्ये अळ्या कमी होणं हेही सांगितलं जातं. यादीत नाव आल्यावर मोजणी सुरू होते, गवत परत येत नाही.

माझी मागणी छोटी आहे. कृषी खातं खरिपाच्या आधी गावोगाव सभा घेतं, तिथे एक वाक्य वाढवावं: दसऱ्यापर्यंत धुऱ्यावर तणनाशक नाही, विळा चालेल, आणि उन्हाळ्यात धुरा पेटवायचा नाही. ज्यांच्याकडे बैल आहेत त्यांना हे सांगावंच लागत नाही. धुऱ्याचं गवत ते आजही भारा बांधून घरी नेतात. सांगायचंय ते ट्रॅक्टरवाल्यांना, आणि आमच्या घरीही आता ट्रॅक्टरच आहे. गेल्या खरिपात धुऱ्यावरून नवऱ्याशी वाद झाला. अर्धा धुरा त्याने फवारला, अर्धा मी फवारू दिला नाही. यंदा पूर्ण धुरा मागणार आहे.