रिक्षा ओढणारा माणूस आणि सेन्सॉरची कात्री

रस्त्यावरचे दारिद्र्य सत्ताधारी वर्ग सहज सहन करतो; तेच पडद्यावर आले की त्याला कायदा आठवतो. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘चार शहर एक कहानी’ या १९६८ च्या अनुबोधपटाचा इतिहास याची साक्ष देतो.

कलकत्ता, मुंबई, मद्रास व दिल्ली या शहरांवरील हा कृष्णधवल पट अवघा १६ मिनिटांचा. श्रमिकांचे एक गाणे व पार्श्वध्वनी सोडले तर तो मूक आहे. एका बाजूस प्रासाद, हॉटेले आणि मोटारी. दुसऱ्या बाजूस झोपड्या, पदपथ आणि ही शहरे उभारणारे हात. एका दृश्यात लठ्ठ गिऱ्हाइकाला ओढताना कृश रिक्षावाला धापा टाकतो; दुसऱ्यात तोच रिक्षात बसतो आणि गिऱ्हाईक ती ओढते. माणसाने माणसाला ओढावे, हे कलकत्त्याच्या रस्त्यांवरील नित्याचे वास्तव. अब्बास यांनी केवळ जागांची अदलाबदल केली आणि नित्याचे ते असह्य दिसू लागले.

सेन्सॉर मंडळाने या पटाला ‘यू’ प्रमाणपत्र नाकारले. १९६९ मध्ये केंद्र सरकारने ते देऊ केले, परंतु मुंबईच्या वेश्यावस्तीतील दृश्यांना कात्री लावण्याच्या अटीवर. नोट हातात पडते तो क्षणही त्या कात्रीत सापडला. देहाचा बाजार खुशाल चालावा, त्यातला पैसा मात्र दिसू नये, अशी ही नीती!

अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. सुनावणीच्या काळात सरकारने काटछाटीविना प्रमाणपत्र देण्याची तयारी दर्शवली. पट सुटला, तरी अब्बास थांबले नाहीत. पूर्व-सेन्सॉरशिपलाच त्यांनी आव्हान दिले. १९७० च्या निकालात न्यायालयाने ती वैध ठरवली.

या निर्णयांविरुद्ध स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे दाद मागता यावी, ही गरजही त्याच खटल्यात मांडली गेली. ते न्यायाधिकरण १९८३ मध्ये स्थापन झाले आणि २०२१ मध्ये केंद्र सरकारने मोडीत काढले. आता निर्मात्याला उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागते. हा खर्च बड्या कंपनीला पेलतो, अनुबोधपट काढणाऱ्या एकट्यादुकट्याला नव्हे.

भाकरीच्या लढ्यापुढे हा प्रश्न गौण आहे, असे काही साथी म्हणतात. हे म्हणणे चुकीचे आहे. ज्याचे जिणे दाखवण्यास बंदी, त्याची मागणीही दडपणे सोपे जाते. कलकत्त्यातील हातरिक्षा अजून पुरत्या इतिहासजमा झालेल्या नाहीत. म्हणूनच पक्षशाखांनी, कामगार संघटनांनी असे पट वस्त्यावस्त्यांत दाखवले पाहिजेत आणि त्यांच्यावर उगारलेल्या कात्रीविरुद्ध आवाज उठवला पाहिजे.