आजोळचा तिळगूळ

मागील मार्गशीर्षांत आमच्या मिलानवासी भाच्यानें बरींच छायाचित्रें धाडलीं. उन्हाळ्यांत तो आपल्या कुटुंबासह इटलीच्या दक्षिण किनाऱ्यावर गेला होता, व सोरेंतो येथून एका दिवसापुरती स्वतंत्र होडी भाड्यानें घेऊन काप्री नांवाचें बेट पाहून आला होता. निळ्याशार समुद्रांतून सरळ वर उठलेले खडकांचे सुळके, कड्यावर बसलेलीं पांढरीं घरें, आणि ती प्रसिद्ध निळी गुहा! या गुहेचें तोंड पाण्याच्या वर जेमतेम दोन हात उंच आहे. लहानशा नावेंत आडवें पडल्यावांचून आंत शिरतां येत नाहीं. आंत गेल्यावर मात्र पाण्याखालच्या वाटेनें शिरलेल्या सूर्यप्रकाशामुळें सारें पाणी आंतून दिवा लावल्यासारखें उजळलेलें दिसतें. रोमचा बादशहा तिबेरियस यानें आपल्या आयुष्याचीं अखेरचीं सुमारें दहा वर्षें याच बेटावर काढलीं.

रात्रीं जेवणें आटोपल्यावर माजघरांत सारें घर जमलें होतें व एकच भ्रमणध्वनि हातोहात फिरत होता. आमच्या आत्याबाईंनीं (वय वर्षें एक्याऐंशीं, माहेर सिंदखेड राजा) चष्मा पुसून एकेक चित्र निरखून पाहिलें आणि शांतपणें विचारलें, "बेट मोठें देखणें आहे रे. पण बेट पाहायला इतक्या लांब जावें लागतें का? आमच्या जिजाऊच्या लेकानें समुद्रांत किल्ला बांधला म्हणतात. तो तुमच्यापैकीं कोणी पाहिला आहे?"

माजघर एकदम गप्प झालें. कोणीहि पाहिला नव्हता.

आम्ही बुलढाण्याचीं माणसें अजिंठ्याच्या डोंगरावर राहणारीं. पैनगंगा आमच्याच डोंगरांत उगम पावते. पण आमच्यापाशीं असते तोंवर ती लहान असते, आणि मोठी होते ती परगांवीं. पाण्याचें नवल म्हणून पाहुण्यांस दाखवावें तें लोणारचें सरोवर. तें उल्कापातानें झालेलें, खारें, आणि २०२० सालच्या जून महिन्यांत तर चक्क गुलाबी झालेलें! त्यांत होडी घालण्याचा विचार कोणाच्या मनांत येणार? होडीशीं आत्याबाईंचा संबंध एवढाच कीं, सिंदखेडच्या चांदणी तलावाच्या मध्यभागीं एक जुनी इमारत उभी आहे व तिच्यापर्यंत होडीनेंच जातां येई, असें त्यांनीं लहानपणीं ऐकलें होतें. त्यांचें स्वतःचें पाऊल मात्र होडींत कधीं पडलें नव्हतें.

मालवणास जाण्याचें त्या रात्रींच ठरलें. मुहूर्त आत्याबाईंनींच काढला. संक्रांत उलटल्यावर व रथसप्तमीच्या आंत जावयाचें, कारण त्यांना तिळगूळ बरोबर न्यावयाचा होता. कोणासाठीं, तें त्यांनीं सांगितलें नाहीं. धाकट्या बंधूंनीं वयाची सबब पुढें केली. सौभाग्यवतींनीं मुलांच्या शाळेची केली. आणि घरांतील एका विद्वानानें कलियुगांत समुद्रगमन वर्ज्य असल्याची थट्टाहि करून घेतली. आत्याबाई म्हणाल्या, "आनंदीबाई जोशी १८८३ सालीं सातां समुद्रांपलीकडे गेल्या. मला पाव कोसाच्या पलीकडे जावयाचें आहे. प्रायश्चित्त लागलेंच तर मी घेईन." यावर बोलण्यासारखें कांहीं उरलें नाहीं.

मलकापूरहून मुंबई व मुंबईहून कोंकण रेल्वेनें कुडाळ, असा आगगाडीचा प्रवास. तेथून मालवणास मोटारीनें तासाभराची वाट. किल्ल्यावर जाणाऱ्या सामायिक होड्या मालवणच्या धक्क्यावरून नेहमीं सुटतात व त्यांचें भाडेंहि फार नसतें. फक्त पावसाळ्याच्या दिवसांत ही वाहतूक बंद राहते. परंतु आम्हीं नऊ माणसांपुरती स्वतंत्र होडी दिवसभरासाठीं ठरविली. आत्याबाईंची सोय हें त्याचें एक कारण होतें. दुसरें कारण, खरें सांगावयाचें तर, आमची ऐट होय. भाचा इटलींत होडी घेतो, तर आम्ही मालवणांत कां घेऊं नये?

या ऐटीची परीक्षा धक्क्यावरच सुरू झाली. होडी ठरवून देणाऱ्या मध्यस्थानें आम्हांस भराभर बसविण्यास आरंभ केला. तरंगण्याचीं जाकिटें मोजलीं तों आठ भरलीं. "आजीबाई मधोमध बसतील, त्यांना काय करावयाचें आहे जाकीट? दहा मिनिटांची तर वाट," असें तो हंसत म्हणाला, आणि लाजेची गोष्ट ही कीं, आम्हीहि मान डोलावली. पैसे दिलेले होते, ऊन चढत होतें, मुलें उतावीळ झालीं होतीं. होडीचा तांडेल मात्र सुकाणूवरून उठला. पन्नाशींतला, काळासांवळा, थोडें बोलणारा तो गृहस्थ म्हणाला, "नववां जाकीट येय्‌पर्यंत होडी सुटाची नाय." मध्यस्थ चिडला, पण तांडेल हालला नाहीं. अर्ध्या तासानें नववें जाकीट आलें, तें त्यानें स्वतः आत्याबाईंच्या अंगांत चढविलें व बंद ओढून पाहिले. नऊवारी लुगड्यावर तें नारिंगी कवच चढवून बसलेल्या आत्याबाईंस पाहून मुलें हंसूं लागलीं; त्या मात्र तांडेलाकडे पाहून हंसल्या.

त्या अर्ध्या तासाचा आम्हांस त्या वेळीं राग आला होता. आज मनांत येतें, १७ जुलै १९४७ रोजीं मुंबईहून रेवसकडे निघालेली 'रामदास' बोट सहाशेंहून अधिक माणसें घेऊन बुडाली, ती कांहीं दूर महासागरांत नव्हे. १८ डिसेंबर २०२४ रोजीं घारापुरीस निघालेल्या 'नीलकमल' नौकेस धडक बसून दहाहून अधिक जीव गेले, तेंहि मुंबई बंदरांतच. वाट किती मिनिटांची आहे हें पाणी विचारीत नाहीं.

किनाऱ्यावर मोरयाचा धोंडा नांवाचा एक खडक आहे. त्यावर गणपति व चंद्रसूर्य कोरलेले असून, किल्ल्याच्या आरंभीं महाराजांनीं तेथें पूजन केलें असें परंपरा सांगते. समोर कुरटे नांवाचें खडकाळ बेट. २५ नोव्हेंबर १६६४ रोजीं त्यावर सिंधुदुर्गाचें काम सुरू झालें व १६६७ च्या मार्चअखेरीस पुरें झालें. भर समुद्रांत, लाटांच्या माऱ्यांत, सव्वादोन वर्षांच्या आसपास! पायाचे दगड शिसें ओतून पक्के केले होते म्हणतात. सुमारें अठ्ठेचाळीस एकरांचें तें बेट, आणि त्याच्या कडेकडेनें सापासारखी वळणें घेत गेलेला, तीस फूट उंचीचा तट. होडी पाण्याखालच्या खडकांना वळसे घालीत चालली होती. तोंड कोठें आहे हें शोधून आमचे डोळे शिणले, तरी दरवाजा कांहीं दिसेना. बुरुजांच्या मिठींत दडलेला तो दरवाजा अगदीं जवळ गेल्यावर एकदम समोर आला. शत्रूला कसें वाटत असेल, तें धाकट्या पुतण्याला न सांगतां कळलें.

१७६५ सालीं इंग्रजांनीं हा किल्ला जिंकून त्याचें नांव 'फोर्ट ऑगस्टस' असें ठेविलें होतें. योगायोग असा कीं, भाच्याचें तें काप्री बेटहि एके काळीं रोमच्या ऑगस्टस बादशहाच्या मालकीचें होतें. पुढच्याच वर्षीं किल्ला करवीरकरांकडे परत आला. १८१२ सालीं तो पुन्हां इंग्रजांकडे गेला. पण तें परकें नांव मात्र कोणाच्या जिभेवर बसलें नाहीं. आजहि कांहीं कुटुंबें त्या तटाच्या आंत नांदतात. त्यांच्या अंगणांत रांगोळी व तुळस पाहून आपण समुद्राच्या मध्यभागीं आहों याचा विसर पडतो.

दूधबाव, दहीबाव व साखरबाव या तीन विहिरींपाशीं आत्याबाई बराच वेळ थांबल्या. चहूंकडे खारा समुद्र आणि मध्यें गोडें पाणी! ज्यांनीं जन्मभर बुलढाण्याच्या उन्हाळ्यांत टँकरच्या वाटेकडे डोळे लावले व एका कळशींत दोन कामें उरकलीं, त्यांना त्या पाण्याचें जें मोल वाटलें तें आम्हां नळाखालीं हात धुणाऱ्यांना कसें वाटावें? त्या एवढेंच म्हणाल्या, "पाणी पाहून जागा निवडली रे त्यानें. आईनें शिकविलें असेल."

मग आम्ही शिवराजेश्वराच्या देवळांत गेलों. हें देऊळ राजाराम महाराजांनीं बांधविलें. आंतील महाराजांची मूर्ति नेहमींच्या चित्रांतल्यासारखी नाहीं. तिला दाढी नाहीं. आत्याबाईंनीं पदराखालून पितळी डबी काढली आणि तिळगुळाचे पांच लाडू मूर्तीपुढें ठेविले. पुजाऱ्यांनीं कोठून आलांत म्हणून विचारलें. आत्याबाई म्हणाल्या, "सिंदखेडहून. ह्याचें आजोळ तें. जिजाऊ आमच्या गांवची लेक. आजोळाहून नातवाला संक्रांतीचा तिळगूळ आणला आहे."

आम्ही सारीं मुकाट उभीं होतों. लखुजी जाधवराव १६२९ सालीं देवगिरीवर दग्यानें मारले गेले, तेव्हां शिवबाचा जन्महि झाला नव्हता. आजोबांचा हात पाठीवर कधीं न फिरलेल्या त्या नातवाला साडेतीनशें वर्षांनंतर आजोळचा खाऊ पोंचविण्याची गोष्ट आमच्या पदवीधर घरांत कोणाला सुचली नव्हती. आम्ही किल्ला पाहावयास आलों होतों. आत्याबाई भेटीस आल्या होत्या. पुजाऱ्यांनीं एक लाडू परत त्यांच्या हातावर प्रसाद म्हणून ठेविला. दरवाज्याजवळ महाराजांच्या हाताचा व पायाचा चुन्यांतला ठसा आहे असें दाखवितात; तो पाहतांना त्यांनीं आपला सुरकुतलेला तळवा क्षणभर उघडून पाहिला आणि पुन्हां मिटून घेतला.

याउपर आमची खरी फजिती झाली. किल्ला पाहून दोन वाजले होते. ठरल्याप्रमाणें पुढें खोल समुद्रांत डॉल्फिन पाहावयास जावयाचें होतें. मुलांचा सारा जीव त्यांत होता. तांडेलानें पश्चिमेकडे पाहिलें आणि होडीचें तोंड धक्क्याकडे वळविलें. "वारो सुटतलो," एवढेंच तो बोलला. आम्हांस मात्र आकाश निरभ्र दिसत होतें, समुद्र शांत दिसत होता. धाकटे बंधु तापले. "दिवसभराचे पैसे मोजले आहेत. होडी आमची आहे!" आम्हीहि त्यांचीच री ओढली. तांडेलानें उलट उत्तर केलें नाहीं. अर्धें भाडें परत देतों म्हणाला, पण होडी वळविली नाहीं.

आत्याबाई त्या वेळीं जें बोलल्या तें त्यांच्याच शब्दांत देतों. "पैसे तुम्ही लाकडाचे दिलेत. समुद्र त्याचा आहे. सकाळीं माझ्यासाठीं ज्यानें अर्धा तास खोटी केली, त्याला आतां तुम्ही शिकविणार?"

पंधरा मिनिटांनीं वारा आला. प्रथम पाण्यावर नुसता कांटा उठला, मग लाटांना पांढरे तुरे फुटले, आणि धक्का समोर दिसत असतां होडी अशी उसळूं लागली कीं बंधूंनीं दोन्ही हातांनीं फळी धरली. पुतणीला ओकारी झाली. आम्हां सर्वांच्या तोंडावर खारे तुषार बसले. वादळ वगैरे कांहीं नव्हतें. कोंकण किनाऱ्यावर दुपारचा वारा असाच वाढतो, असें पुढें कळलें. पण हाच वारा आम्हांस खोल पाण्यांत गांठता तर काय झालें असतें, हें कोणीहि मोठ्यानें बोललें नाहीं. धक्क्यावर उतरतांच बंधूंनीं परत मिळालेले पैसे तांडेलाच्या हातावर ठेविले. त्यानें ते घेतले नाहींत. मग आत्याबाईंनीं डबींतला उरलेला तिळगूळ त्याला दिला, तो त्यानें दोन्ही हातांनीं घेतला.

वाचकांपैकीं कोणी असा बेत करणार असतील, तर त्यांच्यासाठीं चार गोष्टी. होडींत चढण्यापूर्वीं माणसें मोजा व जाकिटें मोजा, आणि एक जरी कमी असेल तरी चढूं नका. भाडें मध्यस्थाशीं ठरवा, पण परतीची वेळ तांडेलालाच विचारा. सकाळीं लौकर निघा. पोटभर जेवून होडींत बसूं नका. आणि तांडेल नाहीं म्हणेल तेव्हां पैशाचा हिशेब काढूं नका. भाच्यालाहि हें लिहिलें. त्याचें उत्तर आलें कीं, समुद्र थोडा चढला कीं ती निळी गुहाहि नावाडी बंद ठेवतात. मग कोणी कितीहि लांबून आलेला असो. पहिल्या दिवशीं त्यालाहि गुहेच्या तोंडावरूनच परत फिरावें लागलें होतें. हें मात्र त्यानें छायाचित्रांबरोबर कळविलें नव्हतें.

बुलढाण्यास परतल्यावर शेजारच्या मंडळींनीं आत्याबाईंस गराडा घातला. समुद्र कसा आहे, म्हणून सर्वांनीं विचारलें. त्या म्हणाल्या, "मोठा आहे. पण मधल्या विहिरीचें पाणी गोड आहे." आणि रिकामी डबी धुऊन त्यांनीं फडताळांत पुढच्या संक्रांतीसाठीं पालथी घालून ठेविली.