हापसा कुठे आहे?

गेल्या पावसाळ्यात माझ्या हातून एक आगळीक घडली. तिची कबुली दिल्याशिवाय पुढचे काही लिहिणे प्रामाणिकपणाचे होणार नाही.

माझा पुतण्या शिक्षणासाठी आमच्याकडे बीडला असतो. त्याचे आईवडील, म्हणजे माझा धाकटा भाऊ आणि भावजय, पाटोदा तालुक्यातल्या आमच्या गावाहून दरवर्षी दसरा-दिवाळी आटोपली की ऊसतोडीला जातात, ते पाडव्याच्या आगेमागे परततात. हा पोरगा दहा-अकरा वर्षांचा होईपर्यंत त्यांच्याबरोबर फडावरच वाढला. पुढे मी त्याला घेऊन आलो. मी हाडाचा शिक्षक. निवृत्त झालो तरी मुलांना वळण लावण्याची खोड गेलेली नाही. पोराने सुट्टीत एका दुकानात काम करून चार पैसे जमवले आणि त्यातून एक जुना संगणक घेतला, तेव्हा मला कौतुकच वाटले होते. पण एका रात्री साडेअकरा वाजता त्याच्या खोलीतून गोळीबाराचे आवाज ऐकू आले. "ऊठ आता," मी म्हणालो. "काका, पाचच मिनिटं," तो म्हणाला. मी पुढे झालो आणि भिंतीवरचे बटण बंद केले.

तो काही बोलला नाही. पुढचे आठ दिवसही बोलला नाही. नवव्या दिवशी न राहवून मी विचारले, "असे काय गेले रे तुझे?" तो म्हणाला, "अकरा दिवसांचं जमवलेलं गेलं, काका. लाइट गेली म्हणून माणूस तिथून लगेच गायब होत नाही. थोडा वेळ तसाच उभा राहतो. तेवढ्यात मारलं."

पोराच्या आवाजात राग असता तर मी त्याला उपदेश केला असता. राग नव्हता. नुकसान झालेल्या माणसाचा थकवा होता, आणि तो आवाज आमच्या घराला परका नाही. मी म्हणालो, "मला शिकव." आधी तो हसला. मग त्याने खुर्ची सरकवून दिली.

या खेळाचे नाव 'डे-झी'. एका साथीने बहुतेक माणसे पिसाळलेली आहेत, थोडी शहाणी उरली आहेत, आणि आपण त्या उरलेल्यांपैकी एक, एवढीच त्याची कथा. जगभरातले पन्नास-साठ खेळाडू एकाच वेळी त्या प्रदेशात वावरत असतात. या प्रदेशाचे नाव चेर्नारस. ते काल्पनिक आहे, पण त्यातले डोंगर आणि वाटा चेक प्रजासत्ताकातल्या एका खऱ्या मुलखावरून घेतल्या आहेत. विस्तार सव्वादोनशे चौरस किलोमीटरच्या आसपास. डीन हॉल नावाच्या न्यूझीलंडच्या सैनिकाने २०१२ मध्ये आधीच्या एका युद्धखेळात फेरफार करून हा खेळ रचला. ब्रुनेईच्या जंगलात प्रशिक्षण घेताना अन्नावाचून त्याचे जे हाल झाले, त्यातून त्याला ही कल्पना सुचली. पुढे त्याचा स्वतंत्र खेळ झाला आणि २०१८ च्या डिसेंबरात तो पूर्ण रूपात आला.

वाचकांना हे नाव अनोळखी वाटेल. पण 'पब्जी' हे नाव ऐकले नाही असे घर आज बीड जिल्ह्यात सापडणे कठीण. हा पब्जी डे-झीच्याच वंशातला. ब्रेंडन ग्रीन या आयरिश माणसाने २०१३ मध्ये डे-झीतच बदल करून 'शेवटी उरेल तो जिंकेल' असा प्रकार बनवला आणि तोच पुढे २०१७ मध्ये पब्जी म्हणून जगभर गेला. आपल्या सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी त्याच्या मोबाइलवरील अवतारावर बंदी घातली, २०२१ मध्ये तो नाव बदलून परतला, २०२२ मध्ये पुन्हा गेला आणि २०२३ मध्ये पुन्हा आला. मात्र या दोन खेळांत एक मोठा फरक आहे. पब्जीचा डाव अर्ध्या तासात आटोपतो. हरलात तर नवा डाव. डे-झीत डाव नसतोच. तुमचा माणूस जगेल तोवर जगतो. मेला की त्याच्याजवळचे सगळे गेले, आणि पुन्हा समुद्रकिनाऱ्यावर रिकाम्या हाताने उभे राहायचे. रशियन लोकांनी काढलेला 'एस्केप फ्रॉम तारकोव्ह' हा खेळही याच कठोर जातीचा. तिथे नेलेली बंदूक सुखरूप बाहेर आणता आली तरच पुढच्या फेरीत आपली.

माझा पहिला माणूस वीस मिनिटांत मेला. किनाऱ्यावर अंगावरचे कपडे, एखादे फळ, एक पट्टी असे किरकोळ सामान मिळते. मला वाटले, गोळीबाराचा खेळ आहे, तर आधी बंदूक मिळवावी. गावात धावत शिरलो. धावण्याचा आवाज ऐकून पिसाळलेली तीन माणसे अंगावर आली. पुतण्या शेजारी बसून म्हणत होता, "काका, बंदूक कशाला शोधायलात? आधी पाणी बघा. हापसा शोधा."

हापसा! मला वाटले, पोरगा थट्टा करतोय. पण त्या परक्या मुलखातल्या गावागावांत खरोखरच हापसे आहेत. त्यांचे पाणी निर्धोक असते. तळ्याचे पाणी तसेच प्यालात तर पटकी होते. उकळून प्यावे लागते, किंवा औषधाच्या गोळ्या टाकून. उकळायला भांडे हवे, जाळ हवा. जाळ केला की धूर दिसतो आणि धूर पाहून कोणी ना कोणी येते. माझा दुसरा माणूस तळ्याच्या पाण्याने गेला. ज्या जिल्ह्याने १९७२ चा दुष्काळ पाहिला, २०१६ च्या उन्हाळ्यात टँकरमागे धावणाऱ्या घागरी पाहिल्या, त्या जिल्ह्यातला मी, पडद्यावर मात्र पाण्याआधी बंदूक शोधत होतो.

तिसरा धडा पायांचा. या खेळात चालून चालून जोडे झिजतात, फाटतात, आणि अनवाणी चाललात तर पाय रक्ताळतात. भिजलात तर गारठता. कपडे काढून पिळावे लागतात. नकाशा मिळाला तरी आपण कुठे उभे आहोत हे तो सांगत नाही. सूर्य कुठून उगवला, समुद्र कोणत्या अंगाला आहे, रेल्वेचा रूळ कुठे जातो, यावरून दिशा काढायची. गावांच्या पाट्या रशियन वळणाच्या लिपीत असतात. माझ्या पुतण्याने ती लिपी निव्वळ त्या पाट्या वाचण्यासाठी शिकून घेतली होती. शाळेत भूगोलाच्या तासाला ज्याला मी दिशा घोकायला लावत असे, तोच हा पोरगा!

पाचव्या वेळी मला एक उत्तम रायफल सापडली. मग मी काय करावे? ती पाठीला अडकवून मी झाडाझुडपांतून लपत फिरू लागलो. गोळी वाया जाईल, आवाज होईल, कोणी हिसकावून घेईल, या धास्तीने ती एकदाही झाडली नाही, आणि भरल्या बंदुकीसह मेलो. "हे सगळ्याच नव्या माणसांचं होतं," पुतण्या म्हणाला. "सामान हातात आलं तेव्हाच गेलं असं धरायचं. मग हात कापत नाही." अठरा-एकोणीस वर्षांच्या पोराच्या तोंडी हे वाक्य ऐकून मी गप्प झालो.

पण या खेळाचा गाभा बंदुकीत नाही, तो माणसांत आहे. खेळात बोलता येते आणि आवाज जेवढा पोचेल तेवढ्यातल्याच माणसाला तो ऐकू येतो. एका कोठारात मी अंधारात बसलो होतो, तोच पावले वाजली. मी घाबरून मोडक्या हिंदीत म्हणालो, "भाई, मारना मत, नया हूँ." पलीकडे क्षणभर शांतता. मग कोणा तरुणाचा हसल्यासारखा आवाज आला. त्याने जमिनीवर एक अन्नाचा डबा ठेवला, एक पट्टी ठेवली आणि तो निघून गेला. तो कुठला, कोण, मला कधीच कळणार नाही. दुसऱ्या दिवशी त्याच विश्वासाने मी आणखी एकाला हाक मारली आणि त्याने मला जागच्या जागी संपवले. दोघांनाही नियमाने सारखीच मोकळीक होती. दयाही सक्तीची नाही आणि दगाही निषिद्ध नाही. अशा ठिकाणी दाखवलेल्या दयेचे मोल काय असते, ते मला त्या डब्याने सांगितले.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. मुलांनी हे खेळ खेळावेत काय? आपल्याकडे या प्रश्नाची दोनच उत्तरे दिली जातात: 'बंदी घाला', नाही तर 'दुर्लक्ष करा'. दोन्ही उत्तरे देणाऱ्यांनी खेळ पाहिलेला नसतो. बंदूक दिसली की आपण दचकतो. माझ्या मते बंदुकीपेक्षा तीन गोष्टी तपासाव्यात: खेळ पैसा किती मागतो, वेळ किती मागतो आणि लपवाछपवी किती करायला लावतो.

पैशांवरून पत्त्यांचे आणि पैजेचे जे खेळ मोबाइलवर चालत, त्यांत बंदूक नव्हती, रक्त नव्हते. पण त्यांनी हातातली रक्कम नेली आणि ती परत मिळवण्याच्या नादात कर्जही करायला लावले. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने कायदा करून पैशांच्या ऑनलाइन खेळांवर बंदी आणली आणि कौशल्याच्या स्पर्धात्मक खेळांना वेगळे मानले, ही वाटणी मला योग्य वाटते. डे-झीत जे जाते ते आपण खेळात जमवलेले. घरातली चूल विझत नाही.

वेळेचे मात्र तसे नाही, आणि इथे मी खेळाची वकिली करणार नाही. जो खेळ मध्येच थांबवता येत नाही, ज्यात एक चूक अकरा दिवसांची कमाई पुसते, तो माणसाला खुर्चीला बांधून ठेवतो. 'पाचच मिनिटं' हे पुतण्याचे म्हणणे खरे होते, पण अशी पाच मिनिटे रात्रभर येत राहतात. कोवळ्या मुलांच्या हाती हा खेळ देऊच नये. तो प्रौढांसाठी आहे. मोठ्या मुलांशीही वेळ आधी ठरवावी; ऐन धुमश्चक्रीत 'ऊठ' म्हणू नये. आम्ही ठरवले आहे: रात्री दहाला थांबायचे आणि साडेनऊनंतर धोक्याच्या मुलखात शिरायचेच नाही. माणूस झाडीत सुरक्षित ठेवून, रीतसर बाहेर पडून झोपायचे. नियम त्यानेच सुचवला. बटणाजवळ पुन्हा जाण्याची पाळी माझ्यावर आलेली नाही.

लपवाछपवीवर उपाय एकच, शेजारी बसणे. आपल्या जिल्ह्यात हे सांगणे सोपे आहे आणि करणे अवघड. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, टोळी निघते, आणि पाच-सहा महिने पोरे आजी-आजोबांच्या आणि मोबाइलच्या हवाली होतात. २०२० मध्ये शाळा बंद झाल्या तेव्हा त्याच मोबाइलला आपण शाळा म्हटले. मग पोरांनी त्यात सोबतीही शोधले, तर त्यात नवल काय? माझा पुतण्या ज्यांच्याबरोबर त्या मुलखात फिरतो, त्यांच्यापैकी एक नागपूरचा आहे, एक केरळचा. दिवाळीनंतर आई-बाप गेले की पहिल्या आठवड्यात घर खायला उठते, तेव्हा ही पोरेच त्याच्याशी बोलत असतात. मी त्याच घरात असतो. पण माझ्याशी बोलण्यासारखे मी त्याला काय विचारत होतो? मार्क किती पडले, एवढेच.

पाडव्याला भाऊ परतला. फडावरून आलेला माणूस. हातावर पाचटाचे ओरखडे, डोळ्यांत जागरण. त्याला या खेळाबद्दल मी काय सांगावे या विवंचनेत होतो. पोरानेच त्याला संगणकापुढे बसवले. पडद्यावर किनारा आला, पाठीमागे समुद्र, समोर टेकडी, टेकडीआड कुठलेसे गाव. भाऊ बराच वेळ पाहत राहिला. बंदुकीबद्दल त्याने विचारलेच नाही.

"पाणी कुठं हाय इथं?" तो म्हणाला. आणि थोड्या वेळाने, "ह्याच्या पायात काय हाय?"

जे शिकायला मला पाच वेळा मरावे लागले, ते त्याने बसल्या बसल्या विचारले. पोराने माझ्याकडे पाहिले आणि तो बापाच्या खुर्चीला खेटून उभा राहिला. "हापसा हाय, दादा," तो म्हणाला. "त्या गावात. चला, दाखवतो."