पोरगी धडधाकट आहे, मग दवाखान्याचे पैसे कसले?

गेल्या वर्षी जुलै संपता संपता एक काका माझ्याकडे आले होते. एसटीतून निवृत्त झालेले. नाव लिहीत नाही, त्यांनीच नको म्हणून सांगितलंय. हातात प्लॅस्टिकची पिशवी, पिशवीत फाईल. खुर्चीवर टेकायच्या आधीच म्हणाले, "पत्रकार, हे जरा वाचून सांगा. एजंट म्हणतोय आज संध्याकाळपर्यंत एक लाख छत्तीस हजार भरा, नाहीतर पोरीचा अर्ज जात नाही. आवो, पोरगी धडधाकट आहे माझी. दवाखान्याचे पैसे कसले?"

मुलगी इंजिनिअर. इंग्लंडमधल्या एका विद्यापीठात एक वर्षाच्या मास्टर्सला प्रवेश मिळालेला. फीसाठी बँकेचं कर्ज मंजूर. राहण्या-खाण्याचा खर्च दाखवायला काकांनी निवृत्तीच्या पैशांची एफडी मोडून रक्कम खात्यात ठेवलेली. विमानाचं तिकीट मामा काढणार होता. सगळा हिशेब चोख. फक्त एक ओळ त्यात नव्हती.

एजंटने सुरुवातीला दिलेला कागद मी पाहिला. रंगीत, गुळगुळीत. फी, होस्टेल, तिकीट, सगळं वेगवेगळं लिहिलेलं. आणि खाली एक ओळ: "व्हिसा व इतर किरकोळ". पुढे आकडा नाही.

त्या 'किरकोळ'मध्ये एक लाख छत्तीस हजार बसले होते.

हा पैसा खोटा नाही, हे आधी सांगतो. ब्रिटनमध्ये सहा महिन्यांपेक्षा जास्त राहण्याचा व्हिसा तिकडे जाण्याआधी मागणाऱ्या विद्यार्थ्याला 'इमिग्रेशन हेल्थ सरचार्ज' भरावाच लागतो. तिथली सरकारी आरोग्यसेवा, म्हणजे एनएचएस, वापरण्याचा हा आगाऊ आकार. तुम्ही आजारी पडा नाहीतर ठणठणीत राहा, इथे खासगी विमा काढलेला असो वा नसो, सुटका नाही. आणि हप्ते नाहीत. जितका व्हिसा, तितक्या सगळ्या काळाचे पैसे अर्ज करतानाच.

विद्यार्थ्यांसाठी दर आहे वर्षाला ७७६ पौंड. आता कोणीही म्हणेल, कोर्स एक वर्षाचा, मग ७७६ पौंड. इथेच पहिली गल्लत होते. सरचार्ज कोर्सवर नाही, व्हिसाच्या मुदतीवर लागतो. बारा महिन्यांच्या कोर्सला व्हिसा मिळतो तो आधीचा साधारण एक महिना आणि नंतरचे चार महिने धरून. म्हणजे सोळा-सतरा महिने. वर्षाच्या वरचा काळ सहा महिन्यांपर्यंत असेल तर अर्ध्या वर्षाचे पैसे, सहाच्या पुढे गेला तर पूर्ण वर्षाचे. म्हणून ७७६ अधिक ३८८, एकूण १,१६४ पौंड. कोर्स चौदा महिन्यांचा असेल तर व्हिसा दीड वर्षाच्या पुढे जातो आणि आकडा थेट १,५५२ पौंडांवर.

पौंड १२० रुपये धरा. १,१६४ पौंड म्हणजे १ लाख ३९ हजार ६८० रुपये. त्यात व्हिसाची फी वेगळी. ती २०२५ च्या एप्रिलमध्ये ५२४ पौंड झाली, आणि ती वाढतच जाणार असं धरून चाललेलं बरं. दोन्ही मिळून दोन लाखांच्या वर. व्हिसा हातात पडायच्या आधी. शिवाय टीबीची तपासणी मान्यताप्राप्त केंद्रातच करायची, त्याचे पैसे आणि जाण्या-येण्याचं भाडं वेगळं.

बार्शीतल्या कुठल्या घरात दोन लाख 'किरकोळ' असतात, मला सांगा.

आता काकांचं पुढे काय झालं ते ऐका, कारण खरी गोष्ट तिथेच आहे.

दुसरे पैसे नव्हते. खात्यात जी रक्कम दाखवायला ठेवली होती, त्यातूनच त्यांनी एक लाख छत्तीस हजार काढले आणि एजंटला दिले. एजंटने स्वतःच्या कार्डावरून सरचार्ज भरला. "काका, तुम्ही कशाला त्रास घेता, आपलं कार्ड आहे ना." काकांना बरं वाटलं. मलाही तेव्हा त्यात काही वावगं दिसलं नाही, हे कबूल करतो.

नियम असा आहे की राहण्याच्या खर्चाची रक्कम सलग २८ दिवस खात्यात असावी लागते. एक दिवसही खाली जाता कामा नये. आणि सरचार्ज त्या रकमेत धरत नाहीत, तो वरचा. काकांनी पैसे काढले तेव्हा २८ दिवस भरायला दोन दिवस बाकी होते. शिल्लक हव्या त्या आकड्याच्या खाली गेली. एजंटने तेच स्टेटमेंट जोडून अर्ज धाडला.

व्हिसा नाकारला.

ज्या पैशाची कोणी आधी कल्पना दिली नाही, तोच पैसा भरायच्या नादात व्हिसा गेला.

पुढचा भाग आणखी कडू. व्हिसा नाकारला तर फी बुडते, पण सरचार्ज परत मिळतो. वेगळा अर्जही करावा लागत नाही. मात्र तो परत येतो ज्या कार्डावरून किंवा खात्यातून भरला त्यावरच. म्हणजे एजंटच्या कार्डावर. काका दर आठवड्याला फोन करायचे. "अजून आले नाहीत." "तिकडून उशीर होतो." "बघतो, काका." दोन महिन्यांनी, मी दोनदा फोन केल्यावर, दोन हप्त्यांत पैसे आले. आठ हजार कमी. विचारलं तर म्हणे प्रोसेसिंगचे.

पोरीने जानेवारीच्या सत्रासाठी पुन्हा अर्ज केला. या वेळी काकूंचं सोनं पतसंस्थेत तारण ठेवून सरचार्ज भरला, तोही पोरीच्याच कार्डावरून. व्हिसा मिळाला. ती गेली, शिकतेय. शेवट गोड झाला म्हणून ही पोस्ट लिहायची राहिली असती, पण गेल्या पंधरा दिवसांत असाच रंगीत कागद घेऊन आणखी दोन घरं माझ्याकडे आली. कागदावर तीच ओळ. 'व्हिसा व इतर किरकोळ'.

काही जण म्हणतील, हा सरचार्जच अन्याय आहे, त्यावर लिहा. त्यावरही माझं मत आहे. २०१५ साली हा आकार सुरू झाला तेव्हा विद्यार्थ्यांना वर्षाला १५० पौंड होता. २०१९ मध्ये ३००, २०२० मध्ये ४७०, आणि ६ फेब्रुवारी २०२४ पासून ७७६. नऊ वर्षांत पाचपट. शेवटची वाढ जुलै २०२३ मध्ये जाहीर करताना तेव्हाचे पंतप्रधान ऋषी सुनक यांनी सरळ सांगितलं होतं की डॉक्टर, शिक्षक, पोलीस यांच्या पगारवाढीला पैसा हवा आहे, त्यासाठी व्हिसाची फी आणि हा सरचार्ज वाढवतोय. म्हणजे त्यांच्या कर्मचाऱ्यांच्या पगाराचा थोडा भार आपल्या तालुक्यातल्या एफडीवर आला. वर ते पोरगं तिथे आठवड्याला वीस तास काम करून कमाई कराच्या मर्यादेवर गेली तर करही भरणार. एकाच दवाखान्यासाठी दोनदा पैसे, असं मला वाटतं.

पण दुसरी बाजूही आहे. त्या पैशात तिथे डॉक्टरकडे नाव नोंदवता येतं, दवाखान्यात दाखल व्हावं लागलं, ऑपरेशन झालं तरी बिल हातात येत नाही. इथे सोलापूरला नेलेल्या पेशंटच्या नातेवाइकांना काउंटरवर उभं राहिलेलं ज्याने पाहिलंय, त्याला याची किंमत कळते. दातांचे पैसे, डोळ्यांची तपासणी, चष्मा हे मात्र त्यात नाही. औषधांचं म्हणाल तर इंग्लंडमध्ये डॉक्टरने लिहून दिलेल्या प्रत्येक औषधामागे दहा पौंडांच्या आसपास द्यावे लागतात, स्कॉटलंड आणि वेल्समध्ये ते फुकट.

तेव्हा सरचार्ज न्याय्य की अन्याय्य हा वाद घाला, पण तो लंडनमध्ये ठरतो. आपल्याला तिथे मत नाही. आपल्या हातात काय आहे? ती ओळ कागदावर कुठे लिहिली जाते, हे आपल्या हातात आहे. हा आकडा लपवलेला नाही. ब्रिटिश सरकारच्या वेबसाइटवर तो उघड आहे, रक्कम काढून देणारं कॅल्क्युलेटरही आहे. तो लपतो तो आपल्या इथे. एजंटच्या कागदावर, सेमिनारच्या बॅनरवर, आणि हो, आमच्या पेपरात.

हे शेवटचं टाळता आलं असतं तर टाळलं असतं. तीन वर्षांपूर्वी परदेशी शिक्षणाची चार पानी पुरवणी मीच काढली होती. जाहिराती याच मंडळींच्या. 'स्वप्न साकार करा' वगैरे मथळे माझे. त्या चार पानांत सरचार्ज हा शब्द एकदाही नव्हता. पत्रकारितेचा डिप्लोमा करताना आमचे सर सांगायचे, कुठलाही आकडा छापायच्या आधी तो कशाकशाचा मिळून झालाय ते विचारा. जाहिरात देणाऱ्याला मी ते विचारलं नाही. काकांच्या घरी ती पुरवणी जपून ठेवलेली होती. त्यांनी मला दाखवली. रागाने नाही, कौतुकाने. त्या दिवशी चहा घशाखाली उतरला नाही.

म्हणून आता ज्या घरात हा विचार चालू आहे, त्यांनी एवढं करा.

पहिली गोष्ट, एजंटला एक रुपया द्यायच्या आधी लेखी फोड मागा. फी वेगळी, व्हिसा फी वेगळी, हेल्थ सरचार्ज वेगळा, टीबी तपासणी वेगळी, त्याची स्वतःची फी वेगळी. पौंडात आणि रुपयात. 'इतर' हा शब्द दिसला की पेन काढा आणि त्याच्यासमोर खोडा. जो लिहून देत नाही त्याच्याकडे जाऊ नका.

दुसरी, सरचार्ज आणि व्हिसा फीचे पैसे वेगळ्या खात्यात ठेवा. २८ दिवसांच्या रकमेला हात लावू नका. लंडनबाहेर शिकायचं असेल तर सध्या महिन्याला १,१७१ पौंड, असे नऊ महिन्यांचे १०,५३९ पौंड दाखवावे लागतात. त्यावर थोडी जास्त शिल्लक ठेवा, कारण पौंड रोज हलतो.

तिसरी, पैसे स्वतःच्या नाहीतर मुलाच्या कार्डावरूनच भरा. परदेशी व्यवहार चालू आहे का, मर्यादा किती, बँक वरून किती आकार लावते, हे आधी शाखेत विचारा.

चौथी, बँकेत कर्ज मागतानाच ही रक्कम अंदाजपत्रकात घाला. फीचे पैसे बँक थेट विद्यापीठाला पाठवते, त्यामुळे हा खर्च नंतर घरच्याच खिशातून निघतो. शिष्यवृत्ती असेल तर पैसा हातात कधी येणार तेही विचारा. सरचार्ज त्यासाठी थांबत नाही.

पाचवी, व्हिसा मिळाल्यावर बेत रद्द केला तर सरचार्ज परत मिळत नाही. अर्ज पाठवायच्या आधी घरात पक्कं ठरवा.

आणि ज्यांना शिकून झाल्यावर तिथे नोकरी शोधायला थांबायचंय, त्यांनी आणखी एक पान जोडावं. त्या व्हिसाला विद्यार्थ्यांचा दर नाही. वर्षाला १,०३५ पौंड, दोन वर्षांचे २,०७०, म्हणजे जवळपास अडीच लाख, तेही एकरकमी. १ जानेवारी २०२७ पासून अर्ज करणाऱ्यांना, पीएचडीवाले सोडून, दोन वर्षांऐवजी दीडच वर्ष मिळणार आहे. तेव्हाही दीड वर्षाचा सरचार्ज आहेच. 'तिकडं गेल्यावर पोरगं बघून घेईल' असं म्हणणाऱ्यांनी हा आकडा डोळ्यांसमोर ठेवावा.

आमच्या पेपरपुरतं मी ठरवलंय. यंदाच्या पुरवणीत पहिल्या पानावर, जाहिरातींच्या वर, ही सगळी फोड चौकटीत छापणार. दोन जाहिरातदारांना हे सांगितलं. एक म्हणाला, चांगलं आहे, छापा. दुसऱ्याने अजून फोन उचललेला नाही. त्याची जाहिरात गेली तरी चौकट जाणार.

पोरं बाहेर शिकायला जाऊ नयेत असं मी अजिबात म्हणत नाही. काकांची पोरगी गेली, अभिमान वाटतो. पण काकूंचं सोनं अजून पतसंस्थेत आहे. पहिल्याच दिवशी ती एक ओळ कागदावर असती, तर काकांनी वर्षभर आधीपासून थोडे थोडे बाजूला टाकले असते. एसटीत नोकरी केलेला माणूस आहे, चिल्लर मोजायची सवय आहे त्यांना. त्यांना आकडा सांगायला हवा होता, इतकंच.

तुमच्याकडे असा कागद आला असेल तर फोटो मला मेसेजमध्ये पाठवा, नाव कुठे येणार नाही. आणि ओळखीत कोणाच्या घरी अर्जाची तयारी चालू असेल तर ही पोस्ट त्यांच्यापर्यंत पोचवा. लाईक नाही केलं तरी चालेल.