अनुकंपा नोकरी वारसा नाही, पण उशीर झाला तर मदतही नाही

घरातला कमावता माणूस नोकरीत असतानाच वारला की जियारतीला जमलेल्यांपैकी कुणीतरी विचारतंच, "आता त्याच्या जागेवर कोण लागणार?" विचारणाऱ्याच्या मनात काळजीच असते. पण 'त्याची जागा' म्हणताना आपण नोकरीला घर-जमिनीसारखं तरक्यात धरतो. कायदा तसं मानत नाही, आणि इथेच बरीच कुटुंबं अडकतात.

4 ऑक्टोबर 2025 रोजी राज्य सरकारने एकाच दिवशी 10,309 उमेदवारांना नियुक्तीपत्रं दिली. त्यांतले 5,187 अनुकंपा तत्त्वावरचे होते. या घरांना दिलासा मिळाला, चांगलंच झालं. पण एवढे लोक एकदम कुठून आले? हे प्रतीक्षायादीत थांबलेले लोक होते. बापाच्या मयतीच्या वेळी कॉलेजात असलेला मुलगा नियुक्तीपत्र घ्यायला जातो तेव्हा दोन मुलांचा बाप झालेला असतो, असंही घडतं.

सुप्रीम कोर्टाने 1994 मध्ये उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा या प्रकरणात या योजनेचा हेतू स्पष्ट केला. सरकारी नोकरी सगळ्यांना समान संधी देऊनच भरायची असते. अनुकंपा हा त्याला अपवाद आहे आणि तो कशासाठी, तर कुटुंबावर अचानक कोसळलेलं संकट निभावून नेण्यासाठी. म्हणून महाराष्ट्रात ही नोकरी गट क आणि गट ड मध्येच मिळते. बाप अधिकारी होता म्हणून मुलगा अधिकारी होत नाही.

आता यातली अडचण बघा. मदत संकटापुरती असल्यामुळे वर्षं लोटली की कोर्ट म्हणतं, एवढी वर्षं घर चाललं, मग संकट उरलं कुठे? पश्चिम बंगालच्या पालिका कर्मचाऱ्यांच्या वारसांना 2023 मध्ये सुप्रीम कोर्टात हाच अनुभव आला. खूप काळ गेला म्हणून त्यांचा दावा टिकला नाही. अशा अर्जांचा निर्णय लवकर व्हावा, हेही कोर्टाने सांगितलं. पण फाईल दफ्तरात पडून राहिली तरी नुकसान कुटुंबाचंच होतं. यादीतल्या माणसाने 45 ओलांडली की त्याचं नाव कमी होतं. पूर्वी त्याच्या जागी घरातल्या दुसऱ्याचं नावही लावता येत नसे. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने 2020 मध्ये ही अट चुकीची ठरवली, 2024 मध्ये नागपूरच्या पूर्णपीठानेही तीच दिशा धरली आणि जुलै 2025 च्या सुधारित धोरणात नाव बदलण्याची वाट मोकळी झाली. जुन्या यादीत अडकलेल्या घरांनी याची चौकशी जरूर करावी.

आपल्या घरांत आणखी काही गोष्टी आडव्या येतात.

पहिली गोष्ट दत्तकाची. भावाचं किंवा बहिणीचं मूल पोटच्यासारखं वाढवण्याची रीत आपल्याकडे आहे. पण योजनेला कायदेशीर दत्तक लागतं, आणि तेही कर्मचाऱ्याच्या मृत्यूआधीचं. शबनम हाश्मी प्रकरणात 2014 मध्ये सुप्रीम कोर्टाने बाल न्याय कायद्याखाली कुठल्याही धर्माच्या व्यक्तीला दत्तक घेता येतं, असं सांगितलं आहे. नुसतं सांभाळलेलं मूल मात्र इथे धरलं जात नाही.

दुसरी, मुलींची. 2013 पासून राज्यात विवाहित मुलीचाही विचार होतो. विधवा, घटस्फोटित आणि परित्यक्ता मुलगी किंवा बहीणही यादीत बसते. 'पोरगी परक्या घरी गेली' म्हणून तिचं नाव आधीच कापू नका. तलाक किंवा खुला झाला असेल तर त्याचे पक्के कागद मात्र जवळ ठेवा.

तिसरी, दुसऱ्या लग्नाची. दुसऱ्या पत्नीची मुलं म्हणून त्यांना सरसकट बाद करता येणार नाही, असा निकाल सुप्रीम कोर्टाने 2018 मध्ये रेल्वेच्या एका प्रकरणात दिला.

चौथी, अपत्यांची. 31 डिसेंबर 2001 नंतर तिसरं अपत्य झालेल्या कर्मचाऱ्याच्या कुटुंबाला ही नोकरी न देण्याचा राज्याचा नियम आहे. त्याने शिक्षा होते ती मागे राहिलेल्या बाईला आणि लेकरांना. यावर बोललं गेलं पाहिजे.

आणि मुदत. 2017 च्या शासन निर्णयात अर्जासाठी मृत्यूपासून एक वर्ष दिलं होतं. नंतर धोरण बदललं, तरी मुदतीच्या काठावर थांबू नये. इद्दतीचे चार महिने दहा दिवस बेवा घराबाहेर पडत नाही, ठीक आहे. तिचा भाऊ, दीर किंवा मोठा मुलगा तर कार्यालयात जाऊ शकतो. अर्ज घरी आणून तिची सही घ्या, आस्थापना शाखेत द्या आणि पोच घ्या. मुलं अज्ञान असतील तर 18 पूर्ण झाल्याची तारीख लिहून ठेवा.

शेवटचं, आणि सगळ्यात नाजूक. ज्याला नोकरी लागते तो बाकीच्या कुटुंबाचा सांभाळ करीन, असं हमीपत्र देतो. भावाबहिणींनी आपली नावं मागे घेतलेली असतात ती याच भरवशावर. मग पगार सुरू झाला, वेगळं बिऱ्हाड झालं आणि अम्मी धाकट्याकडे भाड्याच्या खोलीत, हे चित्र आपण आपल्याच मोहल्ल्यात पाहतो. कार्यालय हमीपत्राबद्दल विचारील न विचारील. पण ही नोकरी एकट्याची कमाई नव्हे. मरहूमच्या मागे राहिलेल्या सगळ्यांची ती अमानत आहे.

सरकारने यादी वेळेत हलवावी, ही मागणी करायलाच हवी. तोवर प्रत्येक जमातीत आणि मोहल्ल्यात दोन शिकलेल्या तरुणांनी एवढं जरी केलं, की मयत झालेल्या घरी महिनाभरात जाऊन कागद पूर्ण करून द्यायचे, तरी कितीतरी घरं सावरतील.