बांध राखाल तरच किनारा राहील



समुद्र कुठे संपतो आणि शेत कुठे सुरू होते, हा प्रश्न घाटावरच्या शेतकऱ्याला कधी पडत नाही. पेण-अलिबागच्या खारेपाटात मात्र तो दर उधाणाला पडतो. एका रात्रीत बांधाला खांड पडते आणि काल भात उभे होते तिथे सकाळी खाडी दिसते. मग पंचनामा होतो, अर्ज जातात, पाहणी होते. तोवर दुसरे उधाण येते. या सगळ्यात एक गोष्ट आपल्या ध्यानात येत नाही. खांड वेळेत बांधली नाही, तर नुसते एका हंगामाचे पीक जात नाही. त्या शेताचा कायद्यातला दर्जाच बदलू शकतो. आजचा विषय तोच आहे.

आधी थोडे मागे जाऊ. किनारा ही देवाने एकदा आखलेली रेघ नव्हे. सुमारे २० हजार वर्षांपूर्वी समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटर खाली होती. पुढे बर्फ वितळले, पाणी चढले आणि नद्यांच्या खोऱ्यांत शिरले. धरमतर, राजपुरी, बाणकोट या आपल्या खाड्या म्हणजे अशी बुडालेली नदीची तोंडेच होत. नंतर नद्यांनी सह्याद्रीची माती आणून या खाड्या भरायला घेतल्या. चौल हे एके काळचे नामांकित बंदर. सावित्रीकाठचे महाड समुद्रापासून इतके आत, तरी तिथवर गलबते जात. राजापूरला इंग्रजांनी १६४९ मध्ये वखार घातली, कारण माल खाडीने थेट गावापर्यंत येई. आज राजापूरच्या खाडीत गाळ इतका आहे की तिथे बंदर होते हे नव्या माणसाला सांगावे लागते.

ज्या गाळाने बंदरे बुजवली, त्याच गाळातून आपली शेती उभी राहिली. आपल्या पूर्वजांनी चिखल आणि दगड रचून बांध घातले, पावसाचे पाणी बाहेर काढायला उघाड्या बसवल्या आणि खारट जमीन गोड्या पाण्याने धुवून भाताखाली आणली. त्यांनी हे भरती-ओहोटी जाणून केले. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, हा हिशेब आजही म्हाताऱ्यांच्या तोंडी आहे. अष्टमीला सहाच्या सुमारास, पौर्णिमेला बाराच्या आसपास. थोडक्यात, खारेपाटाचा किनारा निसर्गाने अर्धा केला आणि उरलेला अर्धा माणसाने केला.

या जमिनीसाठी माणसे लढलीही. अलिबाग तालुक्यात चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सुमारे सहा वर्षे संप केला. नारायण नागू पाटील यांचे नेतृत्व होते आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पाठिंबा होता. कुळांनी उपास काढले, पण सावकाराच्या जमिनीत नांगर घातला नाही. त्या वेळी जमीन ओसाड राहिली ती हक्कासाठी, माणसाच्या निर्धाराने. आज खारेपाटात जी ओसाड दिसते ती खाऱ्या पाण्याने पडलेली आहे, आणि तिच्यातून कुणाला कसलाही हक्क मिळणार नाही.

मग झाले काय? पूर्वी खांड पडली की घरटी माणूस फावडे-घमेले घेऊन बांधावर जाई. १९४८ मध्ये खार जमिनींचा कायदा आला, १९७९ मध्ये खार जमीन विकासाचा नवा कायदा आला. सरकारी योजनेतल्या बांधांची देखभाल शासनाकडे गेली, खासगी बांध मालकांकडेच राहिले. घरातली तरुण मुले कारखान्यात, मुंबईत नोकरीला लागली. सरकारी बांध असला तर ‘खात्याचे काम’, खासगी असला तर ‘सगळे येतील तेव्हा बघू’. खेकड्याने पाडलेले बीळ वेळीच कोणी बुजवले नाही, की पुढे त्याचीच खांड होते.

दुसरीकडे समुद्राचा जोर वाढतो आहे. १९०१ ते २०१८ या काळात जगभरात समुद्राची सरासरी पातळी सुमारे २० सेंटिमीटर वाढली, आणि अलीकडे वाढीचा वेग जास्त आहे. वीतभर पाण्याने काय होते, असे कुणी म्हणेल. पण जुन्या बांधाचा माथा उधाणापेक्षा हात-दीड हातच उंच असेल, तर वीतभर पाणी पुष्कळ झाले. राष्ट्रीय किनारपट्टी संशोधन केंद्राच्या पाहणीत महाराष्ट्राच्या किनाऱ्याचा सुमारे चौथा भाग झिजत असल्याचे दिसले. ३ जून २०२० चे निसर्ग वादळ तर आपल्याच जिल्ह्यावर आदळले.

आता कायद्याची बाजू नीट वाचा. ग्रामसेवक आणि तलाठी भाऊसाहेबांनीही वाचावी. १८ जानेवारी २०१९ च्या किनारा नियमन अधिसूचनेप्रमाणे, १९ फेब्रुवारी १९९१ पूर्वीचा बांध किंवा उघाडी असेल, तर भरतीरेषा त्या बांधावरच थांबते. म्हणजे बांध हाच कागदावरचा किनारा. पण खारे पाणी आत शिरून बांधाच्या आतल्या बाजूला कांदळवन उगवले, तर तेवढे क्षेत्र सर्वात कडक संरक्षणाच्या वर्गात जाते. त्याआधी, सप्टेंबर २०१८ मध्ये, मुंबई उच्च न्यायालयाने राज्यभर कांदळवन तोडीवर बंदी घातली. जमीन खासगी असली तरी ती बंदी लागू आहे. सातबारा तुमच्या नावावर राहील, पण त्या शेतात पुन्हा भात लावता येईलच असे नाही.

आता तुम्ही म्हणाल, मग चिपी, तिवर आपले वैरीच ठरले. तसे मुळीच नाही. बांधाच्या बाहेरचे कांदळवन लाटेचा मार आपल्या अंगावर घेते, गाळ धरते, मासळीला आसरा देते. ते तोडले की पुढचा मार थेट बांधाला. सरपणासाठी बाहेरची झाडे तोडायची आणि आत उगवणाऱ्या रोपांकडे बघायचेही नाही, हा उलटा कारभार आपण थांबवला पाहिजे.

करायचे काय? पहिले, अमावास्या-पौर्णिमेनंतरच्या दोन-तीन दिवसांत उधाण मोठे असते. त्या दिवसांत गावातील दोन माणसांनी बांध चालून पाहावा. बीळ, भेग, झिरपा दिसला तर त्याच ओहोटीत बुजवावा. दुसरे, बांध सरकारी योजनेतला की खासगी, आणि १९९१ पूर्वीचा असल्याचा पुरावा कोणता, हे ग्रामपंचायतीने दप्तरी नोंदवून ठेवावे. जुने नकाशे, जुने पंचनामे फेकू नका. तिसरे, खांड पडली की त्याच आठवड्यात फोटोसह लेखी अर्ज तहसील आणि खारभूमी कार्यालयाला द्या, पोच घ्या. बांधाला लागून कांदळवन असेल, तर दुरुस्तीपूर्वी परवानगीचे विचारा, नाहीतर मदत राहील बाजूला आणि गुन्हा दाखल होईल.

चौथे, खांड बांधल्यावर लगेच भरघोस पिकाची आशा धरू नका. पावसाचे पाणी खाचरात साठवा, ओहोटीला उघाडीतून सोडा, पुन्हा साठवा. मीठ असेच धुवून निघते. बियाणे खारेपाटाचेच घ्या. पनवेलच्या खार जमीन संशोधन केंद्राच्या पनवेल-१, २ आणि ३ या जाती याच जमिनीसाठी काढलेल्या आहेत. गोड्या जमिनीतले बियाणे इथे रोपातच पिवळे पडते.

आणि जिथे शेत आता परत मिळणे अवघड, तिथे उगाच दरवर्षी बियाणे वाया घालवू नका. तळ्यातला जिताडा हा खारेपाटाचा जुना जोडधंदा आहे. परवानगी मिळेल तिथे त्याचा विचार करा.

येत्या ग्रामसभेत ‘आपला बांध’ हा एकच विषय वर घ्या. खाते काय करणार, ते खात्याला विचाराच, तो तुमचा हक्क आहे. पण उधाण सरकारी मंजुरीची वाट बघत नाही. म्हणून पहिले फावडे गावाचे पडू द्या.